किलव्हिनीची लॉर्डकी

गिल्फिलनसाहेबांना खरं म्हणजे फक्त आठ ओळी लिहायच्या होत्या.

त्यासुद्धा त्यांनी मागून घेतल्या नव्हत्या. किलव्हिनी गावाबाहेर टेकडीच्या पायथ्याशी एक पडका मनोरा आहे. त्याच्या शेजारी गावच्या कमिटीने एक बाक टाकला. बाक टाकून झाल्यावर कमिटीच्या लक्षात आलं, की बाकावर बसलेला माणूस मनोऱ्याकडे बघणार, आणि बघितलं की हा काय प्रकार आहे असं त्याच्या मनात येणार. तेव्हा एक फलक हवा. कमिटीच्या चिटणीस रटरेबाई गिल्फिलनसाहेबांच्या शेजारीच राहतात. त्या कुंपणावरून म्हणाल्या, "मिस्टर गिल्फिलन, तुम्ही निवृत्त आहात, तुमचं अक्षर चांगलं आहे, आणि तुम्हाला दुसरं काही काम असेल असं वाटत नाही. लॉर्ड किलव्हिनी घराण्याचा इतिहास आठ ओळींत लिहून द्या. गुरुवारपर्यंत."

ही गोष्ट ऑक्टोबरातली. गुरुवार आला आणि गेला.

एवन गिल्फिलन हे चौतीस वर्षं वजनमापं निरीक्षक होते. त्या चौतीस वर्षांत त्यांनी परगण्यातला एकही तराजू स्वस्थ बसू दिला नाही. मापात पाप दिसलं की त्यांची झोप उडायची. गावातला खाटीक टॅम लॉकी याच्या तराजूत त्यांनी एकदा चार ग्रॅमचा फरक पकडला होता आणि तशी नोटीस त्याच्याच दुकानाच्या दारावर, गिऱ्हाइकांच्या डोळ्यांच्या उंचीवर, चिकटवली होती. त्याला सतरा वर्षं झाली. लॉकीला ती तारीख अजून पाठ आहे. सांगायचा मुद्दा असा, की असल्या माणसाला "आठ ओळी, साधारण" असं काम सांगणं हीच मुळात चूक होती. साहेबांना 'साधारण' हा शब्द कळत नाही.

ते जवळच्या पर्थ शहरातल्या ग्रंथालयात जाऊन बसले. तिथे त्यांना हॅलड्रेन घराणं भेटलं आणि त्यांच्या आयुष्याची शांतता संपली.

या घराण्याला लॉर्डकी मिळाली तीच मुळी एका विजारीमुळे. चारशे वर्षांपूर्वी राजेसाहेब या भागात शिकारीला आले होते. घोड्याने त्यांना नेमकं दलदलीत टाकलं. तिथल्या जमिनीचा मालक वॉटी हॅलड्रेन जवळच उभा होता. त्याने राजाला बाहेर ओढलं आणि स्वतःच्या अंगावरची कोरडी विजार काढून दिली. राजा विजार घालून गेला आणि त्याने परत पाठवली ती विजार नव्हे, सनद. वॉटी आता लॉर्ड किलव्हिनी झाला, आणि त्याच्यामागे त्याचे वंशज, मुलगा नसेल तर मुलगी, अशी पिढ्यान्पिढ्या लॉर्डकी चालावी असं त्या सनदेत स्पष्ट लिहिलं होतं. वॉटी त्या दिवशी घरी कसा गेला याची नोंद मात्र कुठे नाही. साहेबांनी ती पुष्कळ शोधली.

दुसऱ्या लॉर्डने स्वतःच्या आईवर दावा लावला. चर्चमध्ये पहिल्या बाकावर कोणी बसायचं, हा वाद. बावीस वर्षं खटला चालला, तेवढ्यात दोघंही वारली, आणि मग निकाल लागला की बाक चर्चचा आहे. तिसरा लॉर्ड राजाविरुद्धच्या बंडात सामील व्हायला निघाला, पण वाटेत बूट दुरुस्तीला टाकावे लागले म्हणून लढाईच्या दुसऱ्या दिवशी पोचला. जिंकलेल्यांना त्याला फाशी देता येईना आणि हरलेल्यांना त्याला आपला म्हणता येईना. चौथ्याबद्दल इतिहास गप्प आहे, हे त्याच्याबद्दल बरंच बोलणारं आहे. पाचव्याने समुद्र दिसावा म्हणून मनोरा बांधला. मध्ये टेकडी आहे हे वरच्या मजल्याचं काम झाल्यावर लक्षात आलं. सहावा त्या मनोऱ्यावरून टेकडी बघत राहिला. सातव्याला एकच मुलगी, ग्रिझेल. ती पियानोचे सूर जुळवायला आलेल्या माणसाबरोबर पळून गेली. बापाने तिचं नाव टाकलं, तिने डंडीला जाऊन संसार मांडला, आणि १८४१ साली सातवे लॉर्ड निवर्तले तेव्हा वारस सापडेना. तेव्हापासून ही लॉर्डकी कोणाच्याच नावावर नव्हती.

"कोणाच्याच नावावर नाही?" साहेबांनी ग्रंथपालबाईंना विचारलं.

"दिसत तर नाही," बाई म्हणाल्या. "तुम्हाला हवी आहे का?"

बाईंनी गंमत केली होती. पण साहेब घरी येताना बसमध्ये फार सरळ बसले होते.

त्यांना आठवलं की आपल्या घरी माळ्यावर एक जुनं बायबल आहे आणि त्याच्या पहिल्या पानावर कुठल्यातरी ग्रिझेलचं नाव आहे. ते शिडी लावून वर चढले. त्यांच्या पत्नी इशबेलबाई खाली शिडी धरून उभ्या होत्या. साहेबांनी ट्रंकेतून बायबल बाहेर काढलं तेव्हा त्या खालून काहीतरी म्हणाल्या. साहेब वरून "हं" म्हणाले. एक्केचाळीस वर्षांच्या संसारात हा संवाद बराच रुळलेला होता.

पहिल्या पानावर शाईने वंशावळ होती. ग्रिझेल हॅलड्रेन, विवाह १८३९, डंडी. मग तिची मुलं, नातवंडं, आणि शेवटी एकच नोंद: जॅनेट, जन्म १८८८. गिल्फिलनसाहेबांच्या आजीचं नाव जॅनेट होतं. साहेब माळ्यावर तसेच तुळईवर बसले. मग त्यांनी हळूहळू मान उंचावली आणि छताच्या खिळ्याला डोकं आपटलं. आपण कितवे लॉर्ड किलव्हिनी, हा हिशेब अजून व्हायचा होता, पण गादीवर येतानाचा पहिला टिळा तो असा लागला.

पुढचा हिवाळा इशबेलबाईंनी कसा काढला ते त्यांनाच ठाऊक. जेवणाच्या टेबलाच्या निम्म्या भागावर हॅलड्रेन पसरले होते. उरलेल्या निम्म्यावर दोघांनी सूप प्यायचं. साहेब चमचा हातात धरून म्हणत, "आमच्या रक्तातच हा हट्ट आहे बघ, इशबेल. दुसऱ्या लॉर्डने बावीस वर्षं माघार घेतली नाही."

"सूप निवतंय," इशबेलबाई म्हणत.

आठ ओळींची आता एकशे चाळीस पानं झाली होती. रटरेबाई दर शनिवारी कुंपणाशी येऊन फलकाची चौकशी करत. पण लॉर्डकीची बातमी कळल्यावर त्यांनी फलकाचा विषय काढणं सोडलं आणि सल्ले द्यायला सुरुवात केली.

"सरळ डीएनए तपासणी करून घ्या," त्या म्हणाल्या. "गालाच्या आतून कापूस फिरवतात आणि पाकिटात घालून पाठवतात. माझ्या मेहुण्याने केली, तो नॉर्वेचा निघाला. तेव्हापासून थंडीत स्वेटर घालत नाही."

"मग? तब्येत चांगली राहते?"

"दोनदा न्यूमोनिया झाला. पण त्याला समाधान आहे."

साहेबांनी कापसाऐवजी कागदाचा रस्ता धरला. एडिंबरामध्ये अशा दाव्यांची कचेरी आहे. तिथे मिस डॅलगार्नो नावाच्या बाई हे टपाल पाहत. साहेबांनी त्यांना पहिला अर्ज पाठवला तो इतक्या डौलात, की पाकिटावरचं तिकीटही पट्टीने मोजून मधोमध लावलं. आठ दिवसांत उत्तर आलं. "आपल्या पत्राबद्दल आभारी आहोत. आपण जोडलेल्या वंशावळीनुसार आपले आजोबा आपल्या वडिलांपेक्षा दोन वर्षांनी लहान आहेत. कृपया खुलासा करावा."

चौतीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका पकडलेल्या माणसाला हे वाक्य कसं लागलं असेल याची कल्पना करा. साहेबांनी ते पत्र कपाटात ठेवलं आणि किल्ली खिशात ठेवली. मग सगळं पुन्हा पहिल्यापासून तपासलं. प्रत्येक जन्म, प्रत्येक लग्न, प्रत्येक मरण, दाखल्यासकट. एका चर्चच्या वहीवर जुन्या काळी छप्पर गळलं होतं, आणि नेमकं ज्या पानावर जॅनेटच्या बापाचा बाप्तिस्मा असायला हवा तिथे शाईचा एक निळा ढग होता. साहेब त्या चर्चला तीनदा गेले. तिसऱ्या वेळी पाद्रीबाबांनी त्यांना पाहून आतून कडी लावली. शेवटी ती नोंद डंडीच्या एका शाळेच्या हजेरीपटात सापडली. अशा तऱ्हेने फेब्रुवारीपर्यंत हॅलड्रेन वंश ग्रिझेलपासून जॅनेटपर्यंत असा काही पक्का बांधला गेला, की त्यात चार ग्रॅमचासुद्धा फरक निघाला नसता.

जॅनेटपासून स्वतःपर्यंतचा भाग साहेबांनी फारसा तपासला नाही. आपली आजी ती आपली आजी. ती साहेबांना मांडीवर घेऊन ओट्सची लापशी भरवायची. तिचा काय दाखला मागायचा?

गावात आता बोलबाला झाला होता. लॉकी खाटकाच्या दुकानात इशबेलबाई खिमा घ्यायला गेल्या, की लॉकी सुरी पुसत विचारायचा, "लॉर्डसाहेब आज खिमा खाणार? मला वाटलं होतं हरीण मागवतील." मागे रांगेतली माणसं हसायची. इशबेलबाई पिशवी घेऊन मुकाट्याने घरी यायच्या. साहेबांना त्या हे सांगत नसत. साहेबही विचारत नसत, कारण ते पाचव्या लॉर्डच्या मनोऱ्याची उंची काढण्यात गढलेले असत.

मग आले गावचे खेळ. दर जुलैत किलव्हिनीच्या मैदानावर हातोडा फेकणं, ओंडका उचलणं, बॅगपाइपवादन वगैरे होतं. दर वर्षी उद्घाटनाला टीव्हीवर पूर्वी हवामान सांगणारे एक गृहस्थ येत. त्या वर्षी त्यांची कंबर धरली. खेळांचा प्रमुख टॅम लॉकी. त्याने स्वतः येऊन साहेबांना आमंत्रण दिलं. "भावी लॉर्ड म्हणून," तो म्हणाला, आणि त्याच्या चेहऱ्यावर एक रेषाही हलली नाही. हा मान आहे की चेष्टा, हे साहेबांना ठरवता येईना. रटरेबाई म्हणाल्या, "दोन्ही असलं तरी मधली खुर्ची तुमचीच." साहेबांनी होकार दिला.

घराण्याचं चिन्ह म्हणजे चोचीत वाम मासा धरलेला बगळा. रटरेबाईंच्या शिवणमंडळाने निशाण भरायला घेतलं. बायकांनी मन लावून काम केलं, यात शंका नाही. पण लोकर आखूड पडली म्हणून बगळ्याचे पाय थोडके झाले, आणि उरलेल्या लोकरीचं काय करायचं म्हणून पोट मोठं झालं. निशाण उलगडल्यावर सगळ्या बायका साहेबांच्या तोंडाकडे बघू लागल्या.

"शेवया खाणारी कोंबडी आहे," इशबेलबाई शेवटी म्हणाल्या.

"लांबून बगळा वाटेल," साहेब म्हणाले.

खेळांच्या दिवशी सकाळी पोस्टमन आला. साहेब घागऱ्यासारखा तो किल्ट नेसून, टोपीत पीस खोचून आरशासमोर उभे होते. मिस डॅलगार्नोंचं पत्र होतं. साहेबांनी ते उभ्यानेच वाचलं. मग बसले. मग पुन्हा वाचलं.

पत्र नेहमीसारखं अदबीने लिहिलेलं होतं. साहेबांची आजी जॅनेट ही माँट्रोझच्या गेडिस घराण्यातली होती. "हे घराणं तीन पिढ्या हेरिंग माशांना धुरी देण्याचा व्यवसाय करत होतं आणि त्यांचा लौकिक चांगला होता, परंतु हॅलड्रेन घराण्याशी त्यांचा काहीही संबंध आढळत नाही." बायबलातली जॅनेट वेगळी. ग्रिझेलपासून त्या जॅनेटपर्यंतची साखळी मात्र साहेबांनी निर्विवाद सिद्ध केली होती, त्याबद्दल कचेरीने अभिनंदन केलं होतं. मग कचेरीने पुढे शोध घेतला. त्या जॅनेटला तीन मुलगे आणि एक मुलगी. मुलगे अविवाहित, युद्धात गेले. मुलगी ॲग्नेस, तिला एकच अपत्य, तेही मुलगी. "सदर मुलीचं नाव इशबेल असून एक्केचाळीस वर्षांपूर्वी किलव्हिनी येथील चर्चमध्ये तिचा विवाह एवन गिल्फिलन नामक गृहस्थाशी झालेला दिसतो. ही व्यक्ती आपल्या परिचयाची असल्यास कृपया कळवावे."

"एवन, चल," इशबेलबाई दारातून म्हणाल्या. त्यांच्या हातात साहेबांचा रेनकोट होता, कारण आभाळ भरलेलं होतं. "पत्र कोणाचं?"

"पाण्याच्या खात्याचं," साहेब म्हणाले, आणि पत्र किल्टच्या पुढच्या चामडी बटव्यात कोंबलं.

मिरवणूक निघाली. पुढे पाइपवाले, मागे निशाण, निशाणामागे साहेब, आणि साहेबांच्या दोन पावलं मागे, हातात रेनकोट घेऊन, खरी लेडी किलव्हिनी. साहेब आता सांगतात, की त्या दिवशी त्यांना मागे वळून बघण्याची हिंमत झाली नाही. रस्त्यावर लोक टाळ्या वाजवत होते, आणि प्रत्येक टाळी त्यांच्या पाठीवर पडत होती. एक बाई आपल्या मुलीला म्हणाली, "बघ, कोंबडीवाले लॉर्ड." साहेबांनी तिच्याकडे बघून हात हलवला. दुसरं काय करणार?

भाषण त्यांनी सोळा मिनिटांचं तयार केलं होतं. "हॅलड्रेन रक्त" हे शब्द त्यात अकरा वेळा होते. पहिल्यांदा ते आले तेव्हा साहेबांनी कागद मिटला आणि सरळ खेळ सुरू झाल्याचं जाहीर केलं. लोकांना ते भाषण फार आवडलं.

त्यानंतर त्यांना हातोडाफेकीच्या रिंगणात नेलं. पाहुण्याने हातोडा उचलून पाहायचा आणि "वजनदार आहे" म्हणायचं, एवढीच रीत. साहेबांनी हातोडा उचलला आणि चौतीस वर्षं त्यांच्या मनगटात जागी झाली. त्यांनी खिशातून छोटा स्प्रिंगचा वजनकाटा काढला. हा काटा ते चर्चमध्येही बरोबर नेतात. हातोडा नियमापेक्षा दोनशे ग्रॅम हलका होता.

"ही स्पर्धा होऊ शकत नाही," साहेब म्हणाले.

आठ आडदांड पहिलवान त्यांच्याभोवती उभे राहिले. लॉकी धावत आला. "मिस्टर गिल्फिलन, गेली वीस वर्षं हाच हातोडा आहे."

"मग गेली वीस वर्षं सगळे निकाल चुकीचे आहेत."

"तुम्ही आज लॉर्ड म्हणून आलात की निरीक्षक म्हणून?" लॉकीने विचारलं. "कारण लॉर्ड असाल तर हसा आणि बाजूला व्हा."

बटव्यात ते पत्र होतं. आपण कोण म्हणून आलो आहोत याचं खरं उत्तर पूर्ण मैदानात त्यांना एकट्यालाच माहीत होतं. त्यांनी काटा खिशात ठेवला आणि बाजूला झाले. त्याच वेळी पाऊस आला. इशबेलबाईंनी मागून रेनकोट त्यांच्या खांद्यावर टाकला. पाइपवाल्यांनी निशाण डोक्यावर घेतलं, आणि कोंबडीच्या पोटातला सगळा रंग त्यांच्या पांढऱ्या शर्टांवर उतरला.

चार दिवस साहेब बोलले नाहीत. इशबेलबाईंना वाटलं हातोड्याचं मनाला लागलं. त्यांनी त्यांच्या आवडीचा बटाट्याचा स्कोन, म्हणजे तव्यावरचा जाड पाव, केला. साहेबांना तो गिळवेना. एका खाटकाला चार ग्रॅमसाठी गावासमोर उभं करणारे आपण, आणि आपल्याच घरात एक अख्खी लॉर्डकी दाबून बसलोय. ते पत्र त्यांनी बटव्यातून कपाटात, कपाटातून बायबलात, बायबलातून गादीखाली हलवलं. कुठेही ठेवलं तरी घरातली तीच एक जागा दिसायची.

बुधवारी दुपारी इशबेलबाई स्वयंपाकघरात सुपासाठी जाड कांदापातीसारखं लीक चिरत होत्या. साहेबांनी पत्र त्यांच्यासमोर ठेवलं. त्यांनी हात पुसले, चष्मा लावला आणि सावकाश वाचलं. शेवटच्या ओळीवर त्या थांबल्या.

"ही व्यक्ती तुझ्या परिचयाची आहे का?" त्यांनी विचारलं.

"इशबेल, मला शनिवारीच कळलं होतं."

"तारीख दिसतेय मला."

"ते बायबल..."

"माझ्या नेटा आजीचं. नेटा म्हणजे जॅनेट. ती ट्रंक माझ्या आईकडून आली. तू वर होतास तेव्हा मी सांगितलं होतं तुला, शिडी धरून. तू हं म्हणालास."

साहेबांनी मान खाली घातली. "तू हसत का नाहीस?"

"हसू येत नाही म्हणून." इशबेलबाईंनी लीक बाजूला सारलं. "एवन, मी सगळा हिवाळा तुझं रक्त ऐकत सूप प्यायले. त्याचं काही नाही. पण तू चौतीस वर्षं गावाचे तराजू तपासलेस आणि खरेदीला मी गेले. लॉकी मला सतरा वर्षं शिरा असलेलं मांस देतोय. आधीचा खाटीक देत होता, तोही त्यातलाच. भाजीवाला मला खालचे बटाटे द्यायचा. मी कधी बोलले नाही, कारण तू खरा माणूस होतास आणि मला त्याचा अभिमान होता. खऱ्या माणसाच्या बायकोला शिरा चालतात. पण शनिवारी तू मला तुझा कोट धरून मागे चालवलंस, आणि पत्र तुझ्या बटव्यात होतं."

साहेबांना त्यांच्या आयुष्यातली एकही नोटीस एवढी नीट लिहिलेली आठवेना.

"मी उद्याच अर्ज मागे घेतो," ते म्हणाले.

"का म्हणून?" इशबेलबाईंनी पुन्हा सुरी उचलली. "नवा फॉर्म मागव. माझ्या नावाचा."

तेव्हा साहेब खरे घाबरले. त्यांची अपेक्षा होती की इशबेलबाई रागावतील, मग म्हणतील "मला कशाला हवंय असलं काही," आणि हे प्रकरण बायबलासकट माळ्यावर जाईल. पण बाई लीक चिरत होत्या आणि प्रत्येक तुकडा अगदी एकसारखा पडत होता. हॅलड्रेन रक्त म्हणतात ते हेच असावं.

फॉर्म आला. तो भरताना साहेबांना आणखी एक नियम कळला. लॉर्डची बायको लेडी होते. पण एखादी बाई स्वतःच्या हक्काने लेडी झाली, तर तिच्या नवऱ्याला काहीही मिळत नाही. तो मिस्टरच राहतो. साहेबांनी नियम दोनदा वाचला आणि तळटीपही वाचली. तळटीपेतही काही नव्हतं.

"अजिबात काही नाही?" कुंपणावरून रटरेबाई म्हणाल्या. "अर्धवटसुद्धा नाही? माझ्या मेहुण्याला निदान नॉर्वे तरी मिळालं."

तरी काम साहेबांनीच केलं. लग्नाचा दाखला, ॲग्नेसचा दाखला, तिन्ही मामांची नावं युद्धस्मारकावर आहेत त्याचे फोटो, सगळं. स्वतःसाठी जे केलं नव्हतं ते या वेळी केलं: शेवटच्या दोन पिढ्या सात वेळा तपासल्या. आता खरेदीलाही तेच जाऊ लागले. पहिल्या दिवशी लॉकीने त्यांना शिरांचा तुकडा बांधून दिला. साहेब पुडी हातात घेऊन म्हणाले, "मिस्टर लॉकी, ते चार ग्रॅम बरोबर होते. पण नोटीस आतल्या बाजूला लावता आली असती." लॉकीने पुडी परत घेतली आणि आत जाऊन दुसरी बांधून आणली. साहेबांनी घरी येऊन वजन केलं नाही. मोह झाला होता.

रटरेबाईंनी मधल्या काळात कंटाळून फलकाच्या आठ ओळी स्वतःच लिहिल्या आणि त्यात दुसऱ्या लॉर्डला तिसऱ्याचे बूट घातले. साहेबांनी त्या वाचल्या आणि "छान झालंय" म्हणाले. हे बोलायला त्यांना अर्धं मिनिट लागलं.

सुनावणी पुढच्या मार्चमध्ये झाली. एडिंबरात वारा असा होता की साहेबांनी फायली पोटाशी धरल्या होत्या आणि इशबेलबाईंनी साहेबांना. कचेरीत एक उंच खोली, लांब टेबल, टेबलामागे तीन अधिकारी आणि कडेला मिस डॅलगार्नो. त्या पत्रांवरून वाटल्या होत्या त्यापेक्षा खूपच लहान होत्या आणि सारख्या हसू दाबत होत्या. इशबेलबाईंना पुढे खुर्ची होती. साहेबांना भिंतीशी.

मधले अधिकारी दोन तास पानं उलटत होते. एके ठिकाणी थांबून त्यांनी चष्मा काढला. "हा शाळेचा हजेरीपट. हा कसा सापडला?"

उत्तराची वाट न बघता त्यांनी आणखी एक पान उलटलं.

"मी तीस वर्षं असे दावे बघतोय," ते म्हणाले. "इतकं नेमकं काम माझ्यासमोर आलेलं नाही. हे कोणी तयार केलं?"

इशबेलबाईंनी मागे वळून भिंतीकडे बघितलं. साहेबांनी छताकडे बघितलं.

"माझ्या नवऱ्याने," त्या म्हणाल्या. "स्वतःसाठी केलं होतं. त्यात सगळं बरोबर आहे, फक्त माणूस चुकला होता."

मिस डॅलगार्नोंना आता खोकला आला. मधले अधिकारीही खाली बघून काहीतरी शोधू लागले. साहेबांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. पण आश्चर्य म्हणजे त्यांना वाईट वाटलं नाही. भिंतीशी बसल्या जागेवरून त्यांना इशबेलबाईंची मान दिसत होती, राखाडी केसांचा नीट बांधलेला अंबाडा दिसत होता. ही बाई एवढी ताठ बसते, हे त्यांनी कधी मोजलं नव्हतं.

दावा मान्य झाला. लेडी किलव्हिनींनी चार ठिकाणी सही केली. मग एक कारकून साहेबांकडे एक कागद घेऊन आला. दस्तऐवज तयार करणाऱ्याचीही सही लागते. नाव, पत्ता, हुद्दा.

साहेबांनी नाव लिहिलं, पत्ता लिहिला. हुद्द्यासमोर सवयीने 'निवृत्त वजनमापं निरीक्षक' असं लिहिलं. थोडा वेळ पेन हातात धरून बसले. मग त्यावर एक सरळ रेघ मारली आणि वर लिहिलं, 'नवरा'.

कारकुनाने कागद उलटासुलटा पाहिला. "खाडाखोड केलीत," तो म्हणाला. "बाजूला छोटी सही लागेल."

"लागतेच," साहेब म्हणाले, आणि त्यांनी ती केली.